वेठीच्या वाटेवरची सफरचंदे

शिमल्याहून निघून नारकंड्याचा डोंगरमाथा ओलांडणारा, पुढे सतलजच्या खोल खोऱ्यात उतरणारा आणि नदीच्या कडेकडेने किन्नौरच्या उंच प्रदेशात चढत जाणारा रस्ता हा हिमालयातील जुन्या व्यापारी वाटांपैकी एक होय. लॉर्ड डलहौसीच्या कारकिर्दीत, १८५० साली, या वाटेला बांधीव रस्त्याचे रूप देण्याचे काम सुरू झाले आणि तिला हिंदुस्थान-तिबेट मार्ग हे नाव मिळाले. तिबेटातील पश्म, म्हणजे शेळ्यांच्या अंगावरची तलम लोकर, ब्रिटिश मुलखात सुलभपणे उतरावी, हा त्यामागचा एक प्रमुख हेतू होता. रस्ता खोदण्यासाठी आणि तो झाल्यावर साहेबांचे तंबू, टपाल व शिकारीचे सामान वाहण्यासाठी आसपासच्या खेड्यांतील माणसे वेठीला धरली जात. पहाडात या पद्धतीला ‘बेगार’ म्हणत. आजचा पाचव्या क्रमांकाचा राष्ट्रीय महामार्ग मोठ्या अंतरापर्यंत याच जुन्या मार्गाच्या सोबतीने जातो, आणि पावसाळा सरता सरता त्यावरून खाली उतरणाऱ्या मालमोटारी सफरचंदांच्या पेट्यांनी भरलेल्या असतात. ज्यांच्या पूर्वजांनी परक्यांची ओझी वाहिली, त्यांनी त्याच रस्त्याने स्वतःचा माल दिल्ली-मुंबईला धाडावा, हे स्थित्यंतर शंभर-सव्वाशे वर्षांत घडले. ते कसे घडले, हे या रस्त्याने खालून वर जाताना टप्प्याटप्प्याने उलगडत जाते.

पहिला टप्पा शिमल्याजवळच्या मशोब्र्याचा. देवदारांच्या गर्द छायेतील या वस्तीत अलेक्झांडर काउट्स यांनी १८८७ मध्ये सफरचंदाची बाग लावली. त्याआधी, १८७० मध्ये, कॅप्टन आर. सी. ली यांनी कुलू खोऱ्यातील बंदरोल येथे तसाच प्रयोग केला होता. मशोब्र्यात आज नौणी येथील डॉ. यशवंतसिंह परमार उद्यानविद्या व वनशास्त्र विद्यापीठाचे प्रादेशिक संशोधन केंद्र आहे. हिमाचलमध्ये सफरचंद हे अनादी काळापासून पिकत आलेले फळ असावे, असा समज मनात धरून येणाऱ्या प्रवाशाला पहिला धक्का येथेच बसतो, कारण या राज्यातील बागायतीचा इतिहास एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धापलीकडे जात नाही. काश्मीरची गोष्ट निराळी. तेथे ‘अंब्री’सारखे सुवासिक देशी वाण फार पूर्वीपासून रुजलेले आहे. कुलू आणि शिमल्याच्या पहाडात मात्र या फळाची लागवड इंग्रजांच्या घरगुती हौसेतून सुरू झाली, आणि त्यांनी आणलेली वाणे त्यांच्या जिभेला रुचणारी, आंबटसर चवीची होती. भारतीय गिऱ्हाईक गोड फळ शोधत असल्याने ही सफरचंदे बंगल्यांच्या आवारांपुरती राहिली आणि खेड्यातील शेतकऱ्याच्या जीवनाशी त्यांचा फारसा संबंध आला नाही.

या फळाचे मूळ घर हिमालयाच्या बरेच उत्तरेला, मध्य आशियातील तिएनशान पर्वताच्या उतारांवर आहे. रशियन वनस्पतिशास्त्रज्ञ निकोलाय वाविलोव्ह १९२९ मध्ये कझाकस्तानातील अल्माटी परिसरात गेले, तेव्हा शहराभोवतीच्या डोंगरांत रानटी सफरचंदांची जंगले पाहून त्यांनी हेच लागवडीतील सफरचंदाचे जन्मस्थान असावे, असा निष्कर्ष काढला. ‘मालुस सिव्हर्सी’ या रानटी जातीपासून आजचे सफरचंद मुख्यतः उतरले, हे पुढे जनुकीय संशोधनानेही दाखवून दिले. रेशीममार्गाने ये-जा करणाऱ्या तांड्यांबरोबर हे फळ पश्चिमेकडे पसरले आणि तेथील लोकांच्या कल्पनाविश्वात खोल रुजले. ग्रीक कथेत तीन देवींच्या कलहाला सोन्याचे सफरचंद कारण होते, नॉर्स पुराणात इडुन देवीची सफरचंदे देवांचे तारुण्य टिकवतात, ज्यू लोक नववर्षाला मधात बुडवलेली सफरचंदाची फोड खातात, आणि नवरोजच्या दिवशी इराणी घरांत मांडल्या जाणाऱ्या सात मंगल वस्तूंमध्ये सफरचंद असते. भारतीय परंपरेत आंबा, केळे, नारळ, बेल, बोर, डाळिंब यांना जे स्थान आहे, ते सफरचंदाला कधीच नव्हते. तरीही आज महाराष्ट्रातील पूजेच्या ताटात पाच फळे मांडताना सफरचंद सहसा वगळले जात नाही. हिमाचलचा हंगाम श्रावण ते आश्विन या काळात भर धरतो आणि गौरी-गणपतीच्या बाजारात तेथील माल येऊन पोहोचतो, हे या नव्या प्रथेमागचे एक साधे कारण आहे.

मशोब्र्याहून ठियोग आणि मतियाना मागे टाकत सुमारे २७०० मीटर उंचीवरच्या नारकंड्याकडे चढू लागले, की डोंगरउतारांचा रंग बदलतो. दूरवर पांढरे पट्टे दिसू लागतात. अवेळी बर्फ पडले असावे असे लांबून वाटते. जवळ गेल्यावर कळते की त्या बागांवर ताणलेल्या गारपीटरोधक जाळ्या आहेत. एप्रिल-मेमधील पाच-दहा मिनिटांची गारपीट कोवळ्या फळांवर चट्टे पाडते, आणि चट्टा पडलेले फळ कितीही गोड असले तरी प्रतवारीत खालच्या दर्जात जाते. म्हणून बाग लावण्याइतकाच बाग झाकण्याचा खर्चही येथे अपरिहार्य ठरला आहे. उतार इतके तीव्र आहेत की बऱ्याच बागांपर्यंत चाकाचे वाहन पोहोचत नाही. तोडलेली फळे ‘किल्टा’ नावाच्या, पाठीवर बांधायच्या निमुळत्या टोपलीतून वाहिली जातात, किंवा दोन उतारांमध्ये ताणलेल्या तारेवरून पाळण्याने सोडली जातात. तोडणीचे व वाहतुकीचे हे अवघड काम मोठ्या प्रमाणावर नेपाळहून येणारे मजूर करतात. हंगामाच्या आधी येऊन हंगामानंतर परतणाऱ्या या कुटुंबांवाचून आजची बागायत उभी राहू शकत नाही, आणि तिच्या यशाच्या वर्णनात त्यांचा उल्लेख क्वचितच येतो, ही मोठी उणीव म्हटली पाहिजे.

या उतारांवर मोठ्या मळ्यांचे साम्राज्य नाही, हेही लक्षात घेण्याजोगे आहे. बागा लहान आहेत, बांध जवळजवळ आहेत आणि मालक बहुधा त्याच गावात राहतो. मोठ्या जमीनदाऱ्या रद्द करणारा कायदा हिमाचलमध्ये १९५३ मध्ये झाला. पुढे १९७२ च्या कुळकायद्याने कुळांना मालकी दिली आणि त्याच कायद्याच्या ११८ व्या कलमाने राज्यात शेतकरी नसलेल्या व्यक्तीला सरकारी परवानगीवाचून शेतजमीन घेण्यास मनाई केली. राज्याचे पहिले मुख्यमंत्री यशवंतसिंह परमार यांनी रस्ते आणि फळबागा यांना पहाडी अर्थव्यवस्थेचा पाया मानले होते. १९५०-५१ मध्ये राज्यात सफरचंदाखाली अवघे ४०० हेक्टर क्षेत्र होते, १९६०-६१ मध्ये ते ३०२५ हेक्टर झाले आणि आज ते सुमारे १ लाख १५ हजार हेक्टरांवर गेले आहे. जमीन गावातच राहिली म्हणून या वाढीचा पैसाही बऱ्याच अंशी गावात राहिला. स्लेटच्या छपरांच्या जुन्या लाकडी घरांशेजारी उभी राहिलेली पक्की दुमजली घरे आणि दूरच्या शहरांत शिकणारी मुले हा त्याचा उघड परिणाम आहे.

नारकंड्याला महामार्ग सोडून उजवीकडची वाट धरली, की ती थानेदार आणि कोटगढ या गावांकडे उतरते. कोटगढचे नाव इंग्रजी वाचकांना रड्यार्ड किपलिंगच्या ‘लिस्पेथ’ या कथेमुळे माहीत आहे. भारताच्या आर्थिक इतिहासात मात्र ते सॅम्युएल इव्हान्स स्टोक्स यांच्यामुळे कोरले गेले. फिलाडेल्फियातील एका संपन्न क्वेकर कुटुंबात, म्हणजे साधेपणा व अहिंसा मानणाऱ्या ख्रिस्ती पंथाच्या घरात, १८८२ मध्ये जन्मलेला हा तरुण १९०४ मध्ये सबाथू येथील कुष्ठधामात सेवा करण्यासाठी आला. पुढच्याच वर्षी झालेल्या कांगड्याच्या भूकंपात त्याने मदतकार्य केले, काही काळ फकिरासारखे व्रतस्थ जीवन घालवले, आणि १९१२ मध्ये अॅग्नेस या स्थानिक राजपूत ख्रिस्ती मुलीशी लग्न करून थानेदारजवळच्या बारोबाग येथे तो शेतकरी म्हणून स्थायिक झाला. तेव्हा या उतारांवर गहू, मका, जव आणि बटाटा ही पिके निघत आणि त्यांवर वर्षभर घर चालवणे कठीण जाई. १९१६ मध्ये स्टोक्स यांनी अमेरिकेतील मिसुरी राज्यातल्या स्टार्क बंधूंच्या रोपवाटिकेतून ‘रेड डिलिशस’ या वाणाची कलमे आणून लावली, त्यामागोमाग ‘गोल्डन डिलिशस’ आणले, आणि झाडे फळू लागल्यावर शेजाऱ्यांना रोपे व माहिती देऊन तीच लागवड करण्यास प्रवृत्त केले. बंगल्यातले फळ शेतात आले ते येथे.

स्टोक्स यांनी निवडलेल्या वाणाची कथाही सांगण्यासारखी आहे. सफरचंदाच्या बीपासून उगवलेले झाड आईसारखे फळ देत नाही. एकाच फळातल्या पाच बियांपासून पाच निराळ्या चवींची झाडे निपजू शकतात. म्हणून आवडलेल्या झाडाची काडी दुसऱ्या खुंटावर बांधून कलम करणे हाच ते वाण टिकवण्याचा मार्ग असतो. अमेरिकेतील आयोवा राज्यात जेसी हायट नावाच्या शेतकऱ्याच्या बागेत एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात एक नको असलेले रोप तोडूनही पुन्हा पुन्हा फुटत राहिले, तेव्हा त्याने ते वाढू दिले. त्याची फळे १८९३ मध्ये स्टार्क रोपवाटिकेच्या स्पर्धेत पहिली आली, आणि त्या एका झाडाच्या काड्यांपासून जगभर पसरलेली संतती म्हणजे रेड डिलिशस होय. कोटगढच्या उतारावरचे जुने रेड डिलिशस झाड आणि आयोवातील ते तगून राहिलेले रोप ही जनुकीय दृष्टीने एकच व्यक्ती आहे. फळ गोड, रंगाने लाल आणि प्रवासात टिकणारे असल्याने भारतीय बाजाराने ते लगेच उचलले.

तथापि स्टोक्स यांना केवळ बागायतीचे प्रवर्तक मानणे अन्यायाचे होईल. पेरणी-कापणीच्या ऐन दिवसांत गावकऱ्यांना शेत सोडून साहेबांची ओझी वाहावी लागतात, हे त्यांनी रोज पाहिले होते. सरकारशी दीर्घ पत्रव्यवहार करून आणि गावोगावच्या लोकांना एकजुटीने नकार देण्यास तयार करून त्यांनी बेगारीविरुद्ध लढा उभारला, आणि १९२१ मध्ये कोटगढ भागात त्याला यश आले. त्याच वर्षी भारतीयांनी सरकारी नोकऱ्या सोडाव्यात, असे आवाहन करणाऱ्या काँग्रेसच्या जाहीरनाम्यावर त्यांनी सही केली; त्यावर सही करणारे ते एकमेव अभारतीय होते. राजद्रोहाच्या आरोपाखाली त्यांना तुरुंगवासही घडला. १९३२ मध्ये त्यांनी हिंदू धर्म स्वीकारून सत्यानंद हे नाव घेतले, आणि १९३७ मध्ये थानेदारला परमज्योती मंदिर बांधले. हे मंदिर पाहणे हा या प्रवासातील अनपेक्षित अनुभव ठरतो, कारण त्याच्या लाकडावर गीता व उपनिषदांतील वचने कोरलेली असून ती वाचत भिंतीभोवती फिरणे हेच तेथील दर्शन आहे. १९४६ मध्ये स्टोक्स यांचे निधन झाले. वेठ संपवणे आणि नगदी पीक आणणे ही दोन कामे त्यांच्या आयुष्यात निरनिराळी नव्हती. ज्याचा वेळ आणि पाठ दुसऱ्याच्या मालकीची आहे, त्याला फळबाग जोपासता येत नाही, हे त्यामागचे सूत्र होते.

फळ स्वतःचे झाले तरी भाव स्वतःच्या हाती आला नाही, हे कोटगढच्या पुढील इतिहासावरून दिसते. दिल्लीच्या आझादपूर बाजारातील अडत्यांनी हंगामाआधी उचल द्यावी आणि माल आल्यावर त्यांनीच भाव ठरवावा, अशी घडी दीर्घकाळ चालली. जुलै १९९० मध्ये आधारभावाची मागणी करणाऱ्या बागायतदारांच्या आंदोलनावर कोटगढ परिसरात पोलिसांनी गोळीबार केला आणि त्यात तिघांचा बळी गेला. आजही राज्य सरकार बाजार हस्तक्षेप योजनेखाली खालच्या प्रतीची फळे ठरावीक दराने विकत घेते आणि त्यांतील बरीचशी रस काढण्यासाठी वापरली जातात. भावाचा झगडा पेटीच्या आकारापर्यंत पोहोचलेला होता. पूर्वी लाकडी पेट्यांसाठी जंगलातील झाडे तोडली जात. ती तोड थांबावी म्हणून ऐंशीच्या दशकापासून पुठ्ठ्याच्या, वेगळ्या झाकणाच्या पेट्या आल्या. या दुहेरी पेटीचे झाकण वर सरकवून थर वाढवता येत असल्याने बाजारात पेटीमागे तोच भाव मिळूनही शेतकऱ्याचे काही किलो फळ फुकट जाई. २०२४ च्या हंगामापासून सुमारे वीस किलोच मावतील अशी एकसंध पेटी सक्तीची झाली, ती याच तक्रारीतून. गेल्या दोन दशकांत उभ्या राहिलेल्या नियंत्रित वातावरणाच्या कोठारांनीही व्यवहार बदलला आहे. शून्य अंशाच्या आसपास तापमान आणि अतिशय कमी प्राणवायू राखून फळाचा श्वासोच्छ्वास तेथे मंद केला जातो, त्यामुळे ऑगस्टमध्ये तोडलेले सफरचंद पुढच्या वसंतातही विकता येते.

कोटगढहून रस्ता सतलजकडे झपाट्याने उतरतो आणि उंची कमी होताच सफरचंद दिसेनासे होते. रामपूर हे पूर्वीच्या बुशहर संस्थानचे राजधानीचे गाव नदीकाठी सुमारे हजार मीटर उंचीवर आहे, आणि तेथील उकाड्यात वरच्या बागांची आठवणही दूरची वाटते. नोव्हेंबरमध्ये भरणारी तेथील लवी जत्रा बुशहर व तिबेट यांच्यातील जुन्या व्यापाराची खूण आहे. लोकर, सुकामेवा आणि घोडे यांची देवघेव तेथे शतकानुशतके होत आली. झाड आणि उंची यांचे नाते येथे डोळ्यांना स्पष्ट दिसते. डिलिशस गटातील झाडाला हिवाळ्यात सुमारे सात अंशांखालील थंडीचे हजार किंवा त्याहून अधिक तास लागतात. ती विश्रांती मिळाली नाही तर वसंतात फुलोरा विस्कळीत होतो आणि फळधारणा घटते. हिवाळे उबदार होऊ लागल्यापासून कुलू व शिमला जिल्ह्यांतील खालच्या पट्ट्यांत बागायतदार डाळिंब, किवी आणि भाजीपाल्याकडे वळले आहेत, तर सफरचंद वरवर सरकत चालले आहे.

रामपूरच्या पुढे खोरे अरुंद होते, रस्ता कड्याच्या पोटातून कोरलेला दिसू लागतो, आणि नाथपा-झाकडी व करछम-वांगतू या प्रचंड जलविद्युत प्रकल्पांची बांधकामे नदीला ठिकठिकाणी अडवताना दिसतात. दरडी कोसळणे येथे नित्याचे आहे, आणि रस्ता बंद होण्याचे दिवस व फळ काढण्याचे दिवस बहुधा एकच असतात. २०२३ च्या पावसाळ्यात राज्यातील रस्ते इतक्या मोठ्या प्रमाणावर उद्ध्वस्त झाले, की काही ठिकाणी शेतकऱ्यांना तोडलेली फळे बाजारापर्यंत नेताच आली नाहीत. किन्नौरमध्ये सफरचंदाने घेतलेली जागाही रस्त्याशीच निगडित आहे. मेंढपाळी, तिबेटशी व्यापार आणि चिलगोजा हे येथील जुने जीवनाधार होते. चिलगोजा म्हणजे एका विशिष्ट पाइनवर्गीय वृक्षाच्या शंकूतील खाद्य बी, आणि त्याच्या माळा पाहुण्यांच्या गळ्यात घालण्याची किन्नौरी प्रथा अजूनही जिवंत आहे. १९६२ च्या युद्धानंतर शिपकी खिंडीतून होणारा व्यापार थांबला, पण सीमेच्या रक्षणासाठी मोटाररस्ता वर आला, आणि त्या रस्त्याने तिबेटी लोकरीऐवजी सफरचंद खाली जाऊ लागले.

कल्पा हे गाव, ज्याला पूर्वी चिनी म्हणत आणि जेथे डलहौसीने मुक्काम केला होता, किन्नर-कैलासाच्या हिमशिखरांसमोर सुमारे २९०० मीटरांवर वसले आहे. येथे पाऊस कमी, ऊन लख्ख आणि रात्री थंड असल्याने फळ उशिरा, सप्टेंबर-ऑक्टोबरात तयार होते. ते घट्ट, रसाळ आणि टिकाऊ असते व बाजारात त्याला अधिक भाव मिळतो. याहून उंच स्पितीतही आता बागा लागल्या आहेत. परंतु डोंगराला माथा असतो, आणि वर सरकण्याची ही सोय कायमची नाही. बिलासपूर जिल्ह्यातील हरिमन शर्मा यांनी कमी थंडीत फळणारे ‘एचआरएमएन-९९’ हे वाण शोधले, त्याची लागवड महाराष्ट्रासह अनेक राज्यांत करून पाहिली गेली, आणि २०२५ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. उष्ण हिवाळ्यांना दिलेले हे एक उत्तर आहे. बुटक्या खुंटावरची दाट लागवड आणि ‘गाला’सारखी नवी वाणे हे दुसरे.

तथापि या बागांसमोरील एक संकट हवामानाने नव्हे, तर बाजाराच्या आवडीने आणले आहे. डिलिशस जातीच्या झाडाला स्वतःच्या परागाने फळ धरत नाही. त्याच्या शेजारी ‘गोल्डन’सारखे दुसऱ्या वाणाचे झाड आणि दोहोंमध्ये फिरणाऱ्या मधमाश्या लागतात. भारतीय गिऱ्हाईक लाल रंगालाच गोडीची खूण मानते आणि पिवळ्या गोल्डनला कमी भाव देते, म्हणून अनेक बागायतदारांनी गोल्डनची झाडे काढून तेथे लाल वाणे लावली. परिणामी बहराच्या दिवसांत आता मधमाश्यांच्या पेट्या भाड्याने आणाव्या लागतात आणि परागदात्या झाडांच्या फुललेल्या फांद्या पाण्याच्या पिशवीत खोवून लाल वाणांवर टांगाव्या लागतात. एकाच वाणावर विसंबण्याची किंमत १९८२-८३ च्या ‘स्कॅब’ या बुरशीजन्य रोगाच्या साथीत या राज्याने एकदा मोजली आहे. स्टोक्स यांनी लाल सफरचंदाबरोबर पिवळेही आणले होते, आणि त्यांची बाग दोन्हींमुळे फळली. गणपतीच्या किंवा नवरात्राच्या बाजारात सफरचंद निवडणाऱ्या मराठी वाचकाला या प्रदेशासाठी काही करायचे असेल, तर ते अगदी सोपे आहे: हंगामात आपल्या पहाडातील फळ मागावे, चट्ट्याचे फळ बाजूला सारू नये, आणि पिवळ्या गोल्डनलाही लाल सफरचंदाइतकाच भाव द्यावा.